तान्ह्या पोळ्याचं पान

२ जुलै
मुलांच्या पुस्तकातलं तान्ह्या पोळ्याचं पान रंगवून झालं एकदाचं. चित्रात कॉलनीतली सगळी पोरं लाकडी बैल घेऊन उभी. मनीषनगरात राहण्याचा एवढाच फायदा, मॉडेल फुकट. खालच्या वंदनाताईंची गार्गी कोपऱ्यात, पिवळा फ्रॉक. तिच्या बैलाचं एक शिंग तुटलंय, तसंच काढलं. सकाळी येऊन पाहून गेली. ‘काकू, माह्या बैलाले शिंग लावून दे नं.’ नाही लावलं. खरं ते खरं.

३ जुलै
संपादकबाईंचा पुण्याहून फोन. पानावर गर्दी फार, मजकुराला जागा नाही, एक मूल कमी करा. चिडचिड झाली. शेवटी गार्गीला पुसलं, कोपऱ्यातली म्हणून. टॅबवर प्रत्येक पोर वेगळ्या लेअरवर असतं. एक बोट टेकवलं, गेली. आता तिची समजूत कशी घालायची, ही पंचाईत.

५ जुलै
चॉकलेट घेऊन खाली गेले. वंदनाताई भाजी निवडत होत्या. गार्गी कुठेय, विचारलं.
‘कोन गार्गी? मले तं एकच पोरगा हाय. काहून विचारून राहिली वं?’
मी हसले. त्या नाही हसल्या. टीव्हीशेजारी एकशिंगी बैल होता. कोणाचा? तर म्हणे पोराचा असेल. पोराचा बैल तिथेच बाजूला होता, दोन्ही शिंगांचा.

६ जुलै
ह्यांनाही गार्गी आठवत नाही. कामाचा ताण घेतेस, म्हणाले. कागदावरची कच्ची स्केचेस बाहेर काढून पाहिली. सगळी पोरं आहेत, तिच्या जागी कोरा कागद. खोडल्याची खूणसुद्धा नाही. फार भीती वाटतेय. मी पुसली म्हणून गेली असेल, तर पुन्हा काढली की येईल. आलीच पाहिजे.

८ जुलै
फ्रॉक आला, वेण्या आल्या, बैल आला. चेहरा काही येईना. पुढचा दात पडलेला होता का? मीही विसरत चालले… आज पान द्यायचंच होतं. शेवटी पाठमोरी केली. चेहरा जमला नाही की मूल वळवून उभं करायचं, आमच्या धंद्यातली जुनी चलाखी. पाठवलं. बाईंना कळवलं, गर्दी तर गर्दी.

९ जुलै
संध्याकाळी खालून वंदनाताईंची हाक. ‘गार्गी, चाल नं वं घरी.’ गॅलरीत धावले. झोपाळ्यापाशी पिवळा फ्रॉक, हातात बैल. आनंदाने रडूच आलं मला. आमच्याकडे पाठ होती तिची.
ताई वळसा घालून समोर गेल्या. तिकडूनही पाठच. पुन्हा इकडून आल्या. पाठच. मग त्या तिथेच खाली बसल्या.

संपादकबाईंना पान थांबवायला सांगितलंय. सकाळपर्यंत थांबतील. वंदनाताई वर येऊन माझ्या शेजारी बसल्यात. नाक कसं होतं, डोळे कसे होते, सगळं विचारलं. त्यांनाही आठवत नाही.
‘कसंबी काढ वं, पन तोंड काढ.’
पेन हातात आहे. अजून एक रेघ मारलेली नाही.