बिल्ला नंबर एक्केचाळीस

प्रिय सूनबाई,

पत्राला फार उशीर झाला. तुम्ही इथून गेलात त्याला आठ महिने होत आले आणि मी खुशालीची चार अक्षरंसुद्धा पाठवली नाहीत. राग आला असेल तर तो धरूनच पुढचं वाच. आजवर पत्र लिहायचो ते लेकाला, आणि तळाशी जागा उरली तर ‘सूनबाईस आशीर्वाद’. फक्त तुला लिहिलेलं हे पहिलंच. माझी शाळा सातवीपर्यंत, तीही अडखळत, तेव्हा अक्षराकडे आणि चुकांकडे कानाडोळा कर. हे पत्र मी रजिस्टर करणार आहे, साध्या टपालाचा भरवसा वाटत नाही. पत्ता पाकिटाच्या दोन्ही बाजूंना लिहिलेला चालतो का, ते खिडकीवरच्या बाईंना विचारून घेईन.

लेकाचा गेल्या रविवारी फोन आला होता. तू नोकरी सोडलीस म्हणाला. प्रयोगशाळेतल्या साहेबांनी दोनदा बोलावणं पाठवूनही गेली नाहीस. माझ्या नातीला, वायसरला, शाळेत पाठवत नाहीस, पाठवलीच तर दिवसभर शाळेच्या फाटकाशी बसून राहतेस. झोप लागत नाही म्हणून गोळ्या चालू आहेत. तो आणखीही एक वाक्य बोलला, ते पुढे लिहीन. ते ऐकल्यापासून हे पत्र डोक्यात आहे. आज सातवा दिवस.

इकडे सगळं ठीक आहे. म्हणजे नळ गळतो, जिन्यातला दिवा गेलाय, गुडघा आहे तसाच आहे. तुम्ही नाही तरी या घरात शेंगदाणा येत नाही. बाहेरून आलो की अजून कोपरापर्यंत हात धुतो आणि सदरा बदलतो. कोणासाठी, असं वरच्या मजल्यावरच्या टायपिस्टबाईंनी विचारलं. स्वयंपाकघराच्या दाराशी तू ठोकलेला खिळा तसाच आहे. औषधाची लाल पिशवी तुमच्याबरोबर गेली. त्या खिळ्याला मी काही अडकवत नाही.

नटाखालच्या चकतीएवढी इवलीशी म्हणून मी जिला वायसर म्हणायला लागलो, ती दीड वर्षाची असताना तिला शेंगदाण्याने पहिल्यांदा झालं, ते तुला आठवत असेलच. मला मात्र माझंच जास्त आठवतं. तिचे ओठ सुजले, अंगावर गांधी उठल्या, आणि मी काय केलं, तर छत्री शोधली. बाहेर चांगलं लख्ख ऊन होतं. तू तिला कुशीवर घेतलंस, फोन लावलास आणि घराचा पत्ता असा सावकाश सांगितलास, जणू नव्या दूधवाल्याला सांगतेयस. दवाखान्यातून परत आल्यावर मी लेकाजवळ बोललो की हिच्या डोळ्यात टिपूस नाही, ही बाई आहे का दगड. त्याने ते तुला सांगितलं असणार. कारण दुसऱ्या दिवशी पाव कापताना, वर न बघता तू म्हणालीस, “आबा, मी रडते. भांडी घासताना रडते. नळ चालू असतो.” त्यानंतर तू भांडी घासायला बसलीस की मी गॅलरीत जाऊन उभा राहायचो. हे तुला कधी सांगितलं नाही.

मग तू आम्हा सगळ्यांची शाळा घेतलीस. इंजेक्शनच्या पेनासारखंच, पण सुई नसलेलं सरावाचं पेन आणलंस. टोपण काढायचं, मांडीच्या बाहेरच्या बाजूला दाबायचं, दहापर्यंत मोजायचं. मी सहा सेकंदांत दहा मोजायचो आणि तू हसायचीस. “आबा, दहा म्हणजे दहा. तुमची गाडी सुटत नाहीये.” वायसरलाही सांगून ठेवलं होतंस की कोणी काही दिलं तर म्हणायचं, माझ्या पोटाला चालत नाही, पण तुम्ही खा. पाच वर्षांची पोर हे इतक्या ऐटीत म्हणायची की देणाराच ओशाळायचा. खरं पेन लाल पिशवीत, पिशवी त्या खिळ्याला. एक पेन शाळेत बाईंकडे, एक घरात. घरातल्याला कुलूप नाही, ते उंचावर नाही, त्याची जागा बदलायची नाही. दर रविवारी तू ते ओट्यावर काढून तारीख बघायचीस, आतलं औषध निवळ आहे ना बघायचीस आणि परत ठेवायचीस.

त्यावरून आपलं वाजलं होतं. मी चाळीस वर्षं कारखान्याच्या अवजारांच्या कोठारात काढली. उघडी वस्तू म्हणजे गेलेली वस्तू, हे माझ्या हाडीमाशी भिनलेलं. औषध कपाटात कुलपात ठेवू, किल्ली माझ्या कमरेला असते, असं मी म्हणालो. तू म्हणालीस, “कुलपाला किल्ली लागते आणि किल्लीला आबा लागतात.” लेक खो खो हसला. मला ते लागलं. चाळीस वर्षांत माझ्या कोठारातून साधी कानस गेली नव्हती. आणि ती कुलपामुळे नव्हे, बिल्ल्यांमुळे, हे मात्र मी तुला तेव्हा सांगितलं नाही. आमच्याकडे प्रत्येक अवजाराला एक खिळा होता आणि प्रत्येक माणसाला त्याच्या नंबराचे पितळी बिल्ले. अवजार नेलं की त्या खिळ्याला नेणाऱ्याचा बिल्ला लागायचा. खिळ्याकडे बघितलं की वस्तू कोणाकडे आहे ते कळायचं, कोणावर उगाच आळ यायचा नाही. कोठारवाल्यालाही सूट नव्हती. माझा नंबर एक्केचाळीस. निवृत्त झालो तेव्हा त्यांनी एक बिल्ला आठवण म्हणून दिला.

त्या बुधवारी शाळेला सुट्टी होती. मी दाढीला सलूनमध्ये गेलो होतो. जिन्यात टायपिस्टबाईंच्या मुलीने शेंगदाण्याचं अर्धं चॉकलेट दिलं, आणि त्या दिवशी आपली वायसर ‘पोटाला चालत नाही’ म्हणायला विसरली. पोरच ती. तिचे ओठ पुन्हा सुजायला लागले. तू पिशवी उघडलीस, पिशवी रिकामी. पालथी केलीस, खण उघडलेस, आणि मग शोधत बसली नाहीस. तिला उचलून खाली धावलीस आणि लाँड्रीवाल्याची गाडी हात करून थांबवलीस. दवाखाना सात मिनिटांवर. तिथे तिला इंजेक्शन मिळालं. वायसरने मला नंतर सांगितलं, “आई म्हणाली, मी घेते तस्साच श्वास घे. मग आम्ही दोघी एकच श्वास घेत होतो.” आणि मला नीट न्याहाळून म्हणाली, “आबा, तुझा अर्धा गाल म्हातारा आहे.” मी अर्धी दाढी तशीच टाकून आलो होतो. दोन दिवस कोणाच्या लक्षात आलं नव्हतं, माझ्याही नाही.

संध्याकाळी लेक कपडे न्यायला घरी आला, तेव्हा त्याला पेन ओट्यावर पिठाच्या डब्यामागे सापडलं. तो ते हातात घेऊन दवाखान्यात आला आणि बाकावर तुझ्यासमोर धरून म्हणाला, “एवढी एक गोष्ट. एवढी एकच गोष्ट होती तुझ्याकडे.” तू पेनावरची तारीख बघितलीस. मग म्हणालीस, “रविवारी तारीख बघितली. परत ठेवायचं राहिलं असेल. माझंच चुकलं असेल.” मी शेजारी बसलो होतो. माझ्या हातात वायसरचे बूट होते.

दाढ काढण्याआधी डॉक्टर सुई टोचतात आणि गाल आपला आहे की नाही हे हाताने चाचपून बघावं लागतं, तसं मला त्या बाकावर झालं. ते अजून उतरलेलं नाही. जेवतो, झोपतो, पेपर वाचतो, पण कशाची चव नाही. तुम्ही सामान भरून गेलात तेव्हा वायसर माझ्या गळ्याला मिठी मारून सुटेना, तुला हात धरून सोडवावी लागली. मला काहीच वाटलं नाही. खाली ट्रकवर दोऱ्या नीट आवळल्यात का, तेवढं मी बघत होतो. जन्मभर कशानेही माझा जीव टांगणीला लागायचा, कढईतलं तेल तडतडलं तरी. आता लागत नाही. आधी वाटलं, म्हातारपणी शांती मिळाली. पण तू शांत असायचीस तेव्हा तुझे हात चालायचे. माझे नुसते मांडीवर पडून असतात.

फोनवर लेक शेवटी म्हणाला होता, “आबा, ही आता अगदी तुमच्यासारखी झालीय.” तो थोडा हसलासुद्धा. रात्रीतून वीस वेळा उठून पिशवी बघते म्हणाला, बघून झाली तरी बघितली की नाही म्हणून पुन्हा उठते. स्वतःच्या हातांवर विश्वास राहिला नाही म्हणते. लाँड्रीवाल्याच्या गाडीत जिने पोरीला स्वतःचा श्वास दिला, ती माझ्यासारखी झाली. मी फोन ठेवला आणि बिल्ला शोधायला लागलो.

सूनबाई, ते पेन मी नेलं होतं. सोमवारी दुपारी वायसर पिशवी काढून बाहुलीला इंजेक्शन देत बसली होती, टोपण काढायच्या बेतात होती. मी पेन काढून घेतलं, माझ्या लोखंडी कपाटात ठेवलं, कुलूप लावलं आणि रिकामी पिशवी खिळ्याला अडकवली. संध्याकाळी तुला सांगायचं ठरवलं होतं. पण तू शांतपणे म्हणशील, आबा, ते परत तिथेच ठेवा, आणि लेक पुन्हा हसेल, म्हणून सांगितलं नाही. मंगळवारीही नाही. बुधवारी टायपिस्टबाईंची मुलगी रडत सलूनमध्ये आली तेव्हा मी आधी घराकडे पळालो, किल्ली माझ्याच कमरेला होती ना. कपाट उघडून पेन हातात घेतलं, तोवर बाई दारात येऊन म्हणाल्या की फोन आला, इंजेक्शन दिलं, पोर बोलतेय. तेव्हा मी ते पेन घेऊन तुझ्याकडे यायला हवं होतं. मी ते पिठाच्या डब्यामागे ठेवलं. मग दवाखान्यात आलो. तू विचारलंस, आबा, इतका वेळ का लागला, तर म्हणालो, गाडी मिळाली नाही. रविवारी तू पेन बरोबर जागेवर ठेवलं होतंस, सोमवारी मी ते तिथूनच काढलं. तुझ्या हातांचं काही चुकलेलं नाही, तेव्हाही नाही आणि त्याआधीच्या एकाही रविवारी नाही. हे पत्र लेकालाही वाचायला दे. त्याने तुझ्यासमोर जे वाक्य टाकलं ते माझ्या वाट्याचं होतं. वायसरला मोठी झाल्यावर सांगायचं की नाही ते तू ठरव. पाकिटात माझा बिल्ला आहे, कागदात गुंडाळलाय, उघडताना पडेल, जपून उघड. तिकडे लाल पिशवी ज्या खिळ्याला असेल त्याच्याच शेजारी तो अडकव. त्या सोमवारीच तो लागायला हवा होता. रात्री उठलीस तर पिशवीकडे बघू नकोस, नंबर बघ आणि झोप. मला माफ कर असं लिहीत नाही, ते मागायचं तोंड नाही. पण पत्र पोचलं एवढं तरी लगेच कळव, शिव्या दिल्यास तरी चालेल, फक्त तुझ्या अक्षरात असू देत. आमच्या गल्लीत पोस्टमन अकराला येतो. मी पावणेअकरापासून दारात असतो.

तुझाच,
आबा