अर्जात एकटं माझं नाव

मी, मीनल शंकरराव दिघे, वय ४४, अविवाहित, राहणार खरवई, बदलापूर, हे मृत्युपत्र स्वतःच्या अक्षरात लिहीत आहे. डॉ. गोप तलरेजा यांनी आज तपासून दाखला दिला. म्हणाले, "मॅडम, दिमाग एकदम बरोबर. बीपीचं मात्र मी लिहून देणार नाही." दबाव कोणाचाही नाही. भीती आहे, ती लपवणं खोटं ठरेल.

१. खरवईचा फ्लॅट मी अंबरनाथच्या रंग कारखान्यातल्या पगारातून घेतला. तो माझी भाची राजसी आणि तिचा नवरा चेतन यांना समान हक्काने मिळावा. मृत्युपत्र नसतं, तर तो राजसीच्या वडिलांना, म्हणजे माझ्या भावाला, कैलासदादाला गेला असता.

२. बाबांचं मनगटी घड्याळ दादाला द्यावं. मला सायकल त्यानेच शिकवली. बारवी धरणाकडच्या आदिवासी पाड्यावरचा जावई त्याला चालला नाही, हे मी माफ करत नाही. मग घड्याळ का? चांगुलपणा मिरवायचा आहे का मला? ठरवता आलं नाही. घड्याळ द्यावं.

३. रोजनिशीच्या बावीस वह्या राजसीला. ९ एप्रिलचं पान फाडू नये. त्या दिवशी लग्नाच्या नोटिशीत तिचा पत्ता म्हणून माझं घर, मजल्यासकट, मीच लिहायला लावलं.

"आत्या, नुसतं बदलापूर लिहू ना?"

"सरकारी कागदावर अर्धवट लिहीत नाहीत."

नोटीस कार्यालयाच्या फळ्यावर महिनाभर होती. दादाने ती वाचली. लग्नानंतर आठवड्यात तो दारात उभा, हातात पेट्रोलची बाटली. "मिनू, पोरीला बाहेर काढ. नाहीतर तिघांचं एकदम उरकतो."

४. त्या चुकीने घाबरून, मुलांची, राजसी-चेतनची, नावं आणखी कुठल्या कागदावर नकोत म्हणून, संरक्षणाचा अर्ज मी एकटीच्या नावाने केला. कोर्टाने आदेश दिला. तेव्हापासून दाराशी हवालदार सुनंदा बसते. तिच्या आधारावर आम्ही तिघं राहतो. परवा चहा पिताना ती सहज म्हणाली, "मॅडम, माझी ड्युटी तुमच्या नावावर आहे हां. तुम्हाला काय झालं तर मला परत बोलावतील."

"आणि मुलं?"

"त्यांचं नाव कुठाय कागदात?"

वकील रंजना कोळवणकर ती नावं घालण्याचा अर्ज सोमवारी देणार आहेत. मध्ये उद्याचा रविवार आहे.

५. माझा देह दादाच्या ताब्यात देऊ नये. अग्नी राजसीने द्यावा, पण पोलीस सोबत असतील तरच. नसतील तर तिने येऊ नये. कोणीही दिला तरी चालेल.

६. अंमलबजावणी रंजनाताईंनी करावी. सोमवारआधी मी गेले, तर पहिलं काम फ्लॅटचं नाही. अर्जदार मयत म्हणून फाइल बंद होण्याआधी, त्याच दिवशी, राजसी आणि चेतन यांच्या नावाने संरक्षण मागावं. तेराव्याची वाट पाहू नये.

मजकूर मी साक्षीदारांना वाचून दाखवला आणि त्यांच्यासमोर सही केली. राजसी व चेतन यांना मिळकत जात असल्याने त्यांना त्या वेळी आतल्या खोलीत बसवलं होतं.

(सही) मीनल शंकरराव दिघे

साक्षीदार:
१. (सही) डॉ. गोप तलरेजा, उल्हासनगर
२. (सही) कमळाबाई पाटकर, शेजारी

बदलापूर, शनिवार, १४ जून २०२५