बंदीचं औषध खाटंखाली

अहो,

तणाच्या औषधानं कॅन्सर होतो, पोटातल्या लेकराला बाधतं, म्हणून सरकारनं ते बंद केलं, असं कृषी सहायक चावडीवर सांगून गेले. तुमी मात्र आता पुन्हा मिळायचं न्हाई म्हणून चार कॅन आणून आपल्या लेकीच्या, चैतालीच्या खाटंखाली ठेवलेत.

दुकानदार म्हणतो, बंदीचा माल परत घेता येत न्हाई. गोठ्यात ठेवावं तर तिथं गाभण म्हैस. विहिरीत कसं वतावं? मला काईच कळंना.

म्हणून कॅन हायेत तिथंच ठेवलेत, आन् बाळंतपणाला आलेली पोर वडवणीला सासरी सोडायला निघाले. भाकरी टोपल्यात हायेत.

परत कावून आणली म्हणून विहीणबाईंनी इचारलं तर काय सांगू, तेवढं फोन करून सांगा.

— वनमाला