जेवून गेला होता का?

मूल,
६ ऑक्टोबर २०२४

मुखरूदादा,

रिनाचा नमस्कार. गडचांदूरला सगळे बरे असाल. वहिनीचा खोकला थांबला का? इथं माय बरी आहे. धान निसवला, लोंब्या दिसायला लागल्या. माझी छकुली पाढे म्हणते, पण साताचा आला की पळून जाते. फोनवर तू मधेच बोलतोस, म्हणून लिहिते आहे.

चंचलताईंच्या सिनेमाचं काम चालू आहे. वाघानं माणूस मारला त्या घरांतल्या बायका त्यात आपलं सांगतात, हे तुला ठाऊक आहेच. आधी मीही त्यात नुसतं माझं सांगितलं होतं, आता कॅमेराही लावते. मागच्या आठवड्यात एक म्हातारी म्हणाली, "साऱ्यायनं सुनेलेच विचारलं. मी त्याची माय, मले कोणी नाई विचारलं." ते ऐकल्यापासून मला घास गोड लागेना.

दादा, मी सासरी गेले होते.

रागावू नकोस, आधी पूर्ण वाच. पांढऱ्या पायाची म्हणून मला तिथून काढलं, तेव्हा तूच आणायला आला होतास. "आता या उंबऱ्यावर पाय ठेवू नोको," म्हणाला होतास. मी विसरले नाही. पण गोपाल माझा नवरा होता, तसा तिचा लेकही होता.

तो मोहफुलं वेचायला गेला आणि वाघानं त्याला मारलं, त्या दिवशी सासू लेकीकडे होती. परतली ती थेट प्रेतापाशीच. त्यानंतर ती माझ्याशी बोलली ते फक्त शिव्या द्यायला.

आम्ही पोचलो तेव्हा ती अंगण सारवत होती. मला पाहून हात थांबला. चंचलताईंनी विचारलं, "शकुबाई, रिनानं कॅमेरा लावला तर चालेल?" ती उठली. हात धुऊन खाटेवर बसली. मी कॅमेरा लावला. मग चंचलताईंना सोडून थेट माझ्याकडे बघत म्हणाली, "त्या दिवशी जेवून गेला होता का तो?"

माईक चालू होता. मी मधे बोलायचं नसतं. तरी बोलले, "हो मामी. रातचा भात अन् वांग्याची भाजी. पुन्हा मागून घेतली."

"मंग बरं," ती म्हणाली. "मले वाटे, उपाशी गेला." आणि तोंडाला पदर लावून रडायला लागली. मी कॅमेरा तसाच सोडून तिच्याजवळ जाऊन बसले. तिनं मला दूर सारलं नाही.

निघताना म्हणाली, "दिवाळीले पोरीले आण. तूबी ये."

चंचलताई म्हणतात, तुझा आवाज सिनेमात ठेवायचा. मी म्हटलं, ठेवा.

तर दिवाळीला मी छकुलीला घेऊन तिकडे जाते आहे. भाऊबीजेला तुझ्याकडे येईनच. परवानगी मागत नाही दादा, सांगते आहे. पण सासरच्या वाटेवर ब्रह्मपुरीपर्यंत तू सोबत आलास, तर मला फार बरं वाटेल.

तुझी बहीण
आणि शकुबाईची सून,
रिना