अस्वलिणीचा नवरा

नाशिक,
रविवार, १३ डिसेंबर १९९८

प्रिय सविता,

तुझं पत्र मंगळवारी मिळालं. इकडे थंडी मी म्हणतेय. आईचे गुडघे धरलेत, तरी रोज दारात बसून आल्यागेल्याला सांगते, "आमची सून पिच्चरमधी बोलती, पण दिसत नाय." मयूरने सहामाहीला गणितात दिवे लावले, बाईंनी मला भेटायला बोलावलंय. ओझरच्या कारखान्यात माझी दुसरी पाळी चालू आहे.

कंपनी आणखी तीन कार्टून चित्रपटांना आवाज देण्याचा करार करतेय, अजून दोन वर्षं मुंबईतच राहावं लागेल, सही करू का, असं तू विचारलंस. "या वेळी 'तुझं तू बघ' म्हणू नका, स्पष्ट लिहा," असंही बजावलंस. लिहितो. आधी आजची गंमत ऐक.

सकाळी तुझा अस्वलांचा चित्रपट बघून आलो. मुलांसाठी खास खेळ होता. मयूर म्हणाला, "पप्पा, मी काय आता लहान आहे का?" म्हणून एकटाच गेलो. अख्ख्या थेटरात टक्कल पडलेला मी एकच. शेजारी वेदिका नावाची सहा-सात वर्षांची मुलगी होती. तिने मला तिच्यातले शेंगदाणे दिले.

खोटं कशाला सांगू, सुरुवातीला मी तुला ओळखलंच नाही. काय तो घोगरा आवाज. मग ती अस्वलीण गुहेच्या तोंडाशी येऊन म्हणाली, "जेवण तयार आहे." वाक्य संपलं, पण तिचं तोंड हलतच होतं. तू मागे सांगितलं होतंस, परदेशी चित्राचं तोंड जितका वेळ हलतं तितका वेळ बोलावंच लागतं. कागदावरचं संपलं की पदरचं घालायचं. तू पदरचं घातलंस. "या हो, निवतंय सगळं." ते घोगरं नव्हतं. आपल्या स्वयंपाकघरातून हाक मारायचीस ना, अगदी तसंच.

मी उठून उभा राहिलो आणि मोठ्याने म्हणालो, "आलो, हात धुतो."

पोरं खिदळली. वेदिकाने विचारलं, "काका, कुठे चाललात?"

मी खाली बसलो. म्हटलं, "ती माझी बायको आहे."

"कोण, ती अस्वलीण?"

"हो."

तिने पडद्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. "मग तुम्ही इथे काय करताय?"

पुढचं चित्र मला नीट दिसलं नाही. डोळे पुसत बसलो होतो, दुसरं काय.

सविता, चार वर्षं मी प्रत्येक पत्रात 'सगळं ठीक आहे' असं लिहीत आलो. आईचं, मयूरचं ठीकच आहे. माझं नाही. मला तुझी फार आठवण येते. दुसऱ्या कुणी विचारलं तर मी म्हणेन, एवढी संधी आलीय, सोडू नये. तू कामात किती तरबेज झालीस ते आज कानांनी ऐकलं. पण विचारतेस तू, आणि मला विचारतेस. तर सही करू नकोस. घरी ये.

हे वाचूनही केलीस तर रुसणार नाही, तिन्ही चित्रं बघायला जाईन. फक्त मी नको म्हटलं होतं, हे तुला माहीत असू दे.

वाट बघतो हे आजवर कधी न लिहिलेला,
धनराज