मायच्या फोनमधला आवाज

१२ जानेवारी, सोमवार
मायला आज आयसीयूतून जनरल वॉर्डात आणलं. सहा दिवस झाले. उजवी बाजू तशीच. डोळे उघडते, मला ओळखते, बोलत नाही. डॉक्टर म्हणाले, गुठळी मेंदूतल्या बोलण्याच्या जागेवरच अडकली. ऐकलेलं बरंचसं कळतं त्यांना, शब्द बाहेर येत नाहीत. कधी येतील विचारलं तर फाइल चाळत राहिले.

आबा भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला तेच सांगतात. पिशोरच्या शिवारात मेंढरं बसवलेली. सकाळी चुलीपाशी माय एकदम कलली. दोघांत फोन एकच, तोही मायचा. आबांना आलेला फोन उचलण्यापलीकडं काही येत नाही. त्यांनी तो हातात घेतला तर उघडेना. कंपनीचं नाव यायचं, थरथरायचा, बंद. पुन्हा नाव. ते बटण दाबत बसले. किती वेळ, त्यांनाच ठाऊक नाही. मग सडकेपर्यंत पळाले. इथं शहरात पोचेपर्यंत दुपार. गुठळी विरघळवायच्या इंजेक्शनची वेळ निघून गेलेली.

जाताना रुमालात बांधलेला फोन माझ्या हातात दिला. "ठेव तुज्याकडं. मला डोळ्यासमोर नको त्यो."

१३ जानेवारी
फोन चार्जिंगला लावला. नाव, थरथर, काळा. नाव, थरथर, काळा. दहा मिनिटं बघत बसले.

मग माझा फोन उघडला. मायला लिहिता येत नाही. जुलैत मीच तिला व्हॉइस टाकायला शिकवलं होतं. लायब्ररीत फोन उचलता येत नाही, म्हटलं दिवसा कॉल नको करू, बोलून टाकत जा, मी ऐकते. ती टाकायची. मेंढरामागं चालता चालता, तीन-तीन मिनिटं. सुरुवातीचे ऐकले. नंतर रविवारी फोन होतोच की, म्हणून राहून गेले.

डिसेंबरच्या शेवटी माझ्या फोनची जागा भरली तेव्हा सगळे ऑडिओ एकदम पुसले. ते आज आठवलं. एकावर बोट ठेवलं तर खाली सूचना आली: फाइल उपलब्ध नाही, पाठवणाऱ्याला पुन्हा पाठवायला सांगा.

१४ जानेवारी, संक्रांत
शेजारच्या खाटेवरच्या बाईंनी सगळ्यांना तिळगूळ वाटला. मायच्या नाकात नळी. तिच्या तळहातावर एक दाणा ठेवला. डाव्या हाताची मूठ झाकून घेतली तिनं.

वॉर्डातून परत येताना घराजवळच्या मोबाइलवाल्याला फोन दाखवला. "ताई, रिसेट मारावा लागेल. पंधरा मिनिटांत देतो."
"आतलं राहील ना?"
"आतलं सगळं उडेल. बॅकअप असेल ना?"
बॅकअप कुठला. माय आणि बॅकअप. त्याच्या हातातून जवळजवळ हिसकावून घेतला.

१६ जानेवारी, शुक्र.
नवऱ्याच्या, विजयच्या, ऑफिसातल्या कुणी क्रांती चौकाजवळचे शकीलभाई सांगितले. जिन्याखालचं दुकान, एका माणसाला बसता येईल एवढंच. पन्नाशीचे, कपाळावर भिंग चढवलेलं. फोन उघडायच्या आधी म्हणाले, "पहले ये बोलो, अंदर क्या होना तुमकू?"
मी म्हटलं, आईचा आवाज.
"गुजर गये क्या?"
"नाही. आहे. बोलता येत नाही आता."
मग त्यांनी समजावलं, अगदी शाळेत सांगतात तसं. आतलं सॉफ्टवेअर बिघडलंय, बहुतेक अपडेट होता होता चार्जिंग संपलं. रस्ते दोन. एक, सगळं पुसून नवं टाकायचं, त्यात फोन नक्की सुरू होतो. दुसरा, आतल्या सामानाला हात न लावता केबलनं नुसतं सॉफ्टवेअर बदलायचं. तो लागू पडेल याची हमी नाही. आणि मध्येच अडकलं तर आहे तेही जाईल.
"दूसरा," मी म्हटलं.
"जल्दी नक्को करो. घर में पूछ लो."
विचारायचं कुणाला. ठेवून आले.

१७ जाने.
आबांना सांगितलं, फोन दुरुस्तीला दिलाय. चिडले. वॉर्डातल्या सगळ्यांनी वळून पाहिलं.
"कामून? त्येच्यामुळं झालं हे सगळं. त्येच्या नादात मी बसलो नसतो तर..." बाहेर जाऊन बाकावर बसले. मी शेजारी बसले. मग आबा म्हणाले, "मला येत असतं ते मशीन, तर तुझी माय आज बोलली असती."
मी म्हटलं, आबा, तुमची काही चूक नाही. त्यांनी मान हलवली, पण माझ्या बोलण्याला नाही.

१९ जाने.
डिस्चार्ज. मायला सिडकोत आमच्याकडंच आणलं. हॉलमध्ये पलंग. मेंढरं काकांकडं. आबांना फ्लॅटमध्ये करमत नाही, दर तासाला गॅलरीत जाऊन खाली बघतात.

माय आज पहिल्यांदा बोलली. "तेच." पाणी हवं? तेच. दुखतंय का? तेच. स्पीच थेरपीच्या मॅडम म्हणाल्या, असं होतं, एकच शब्द हाती लागतो आणि तोच सगळीकडं येतो. ओळखीचे आवाज ऐकवा, घरातली गाणी ऐकवा, घाई करू नका.

२० जाने.
शकीलभाईंचा फोन नाही. मी तीनदा केला. उचलला नाही.

२२ जाने., गुरु.
सुरू झाला!!
दुपारी लायब्ररीत असताना फोन आला. "आओ ताई. चालू हुआ. दो बार अटका, मेरी जान निकल गयी थी." तशीच निघाले. गेले तर स्क्रीनवर आमच्या मेंढरांचा फोटो, त्यावर नऊ ठिपके. लॉक.
"खोलो."
मला कुठं माहीत. दोनदा अंदाजानं रेघा ओढल्या. चूक. शकीलभाईंनी माझा हात धरला नाही एवढंच. "ज्यादा ट्राय मत करो. जिसका है उसी को आता होगा."
घरी आबांना विचारलं. त्यांना लॉक असतो हेही ठाऊक नव्हतं. "माज्यापासून काय लपवायचं होतं तिला?" म्हटलं, काकांची नातवंडं गेम खेळायची ना, त्यांच्यासाठी लावला असेल. ते उठून गॅलरीत गेले.

२३ जाने.
सकाळी मायला उशा लावून बसवलं. फोन तिच्या डाव्या हातात दिला. तिनं उलटा-पालटा करून पाहिला. मी म्हटलं, माय, उघडून दे. तिनं तो मांडीवर ठेवला, डाव्या हाताचं बोट ठिपक्यांवर आणलं. पहिल्यांदा चुकलं. दुसऱ्यांदा बोट वरून खाली गेलं, वळलं, तिरकं चढलं.
उघडला.
तिनं माझ्याकडं बघितलं. अर्धंच हसता येतं तिला आता. मीच रडले, वेड्यासारखी. तिनं फोन माझ्याकडं सरकवला. "तेच," म्हणाली.

त्रेसष्ट व्हॉइस आहेत. सगळेच्या सगळे. शकीलभाईंनी बजावल्याप्रमाणं विजयनं आधी लॅपटॉपवर उतरवून घेतले.

२४ जाने., शनि.
लायब्ररीच्या मागच्या खोलीत, जुन्या मासिकांच्या कपाटांमध्ये बसून इयरफोन लावले. पहिला जुलैचा. "आगं सुमे, ह्यो दाबून धरलाय मी, ऐकू येतंय का तुला? मेंढरं वड्याच्या पल्याड गेल्यात, मी आपली बसले निंबाखाली..."
मागं घंटा वाजते, कुत्रं भुंकतं. तिचा श्वास.
सतरा ऐकले. कुठल्या मेंढीला दोन कोकरं झाली. लासूरच्या बाजारात आबांनी टोपी हरवली त्यावर एक अख्खा. चार-पाच वेळा तिनं मलाच प्रश्न विचारलाय आणि मग थोडी थांबलीये, मी समोर असल्यासारखी.

२५ जाने., रवि.
घरी सगळ्यांना मैत्रिणीकडं जाते सांगून निघाले आणि सिद्धार्थ उद्यानात बाकावर बसून उरलेले ऐकले.

चोपन्नावा. १८ डिसेंबर. लिहून काढते, नाहीतर मी पुढं बदलून सांगीन.
"सुमे, फोन लई नाटकं करायलाय. बोलता बोलता बंद पडतो, मग मर्जीनं चालू व्हतो. तू आली की बघ. आन दुसरं एक. उजव्या हाताला मुंग्या यायल्यात, चार दिस झालं. सकाळी भाकर हातातून सुटली. परवा बोलता बोलता जीभ जड झाली, मग आपूआप बरी झाली. तुझ्या आबाला बोलले नाय, ते उगी घाबरंल. तू तुझ्या डॉक्टरला इचार. ऐकलं की सांग मला."

त्याखाली माझा अंगठा. दुपारी दोन वाजून दहा मिनिटं. पुस्तकांची वार्षिक मोजणी चालू होती त्या दिवसांत. न ऐकताच टाकला. अंगठा आला की समजायचं सुमननं ऐकलं, हे मीच शिकवलं होतं तिला.

पंचावन्नावा, दोन दिवसांनी. "तुझा आंगठा आला. बरं वाटलं. तू म्हणशील तवा येते दवाखान्यात."
नंतर तीन रविवार फोनवर बोललो आम्ही. आबा शेजारी असायचे. ती वाट बघत असणार, मी विषय काढीन म्हणून. मी विचारलं होतं, जेवलीस का.

२६ जाने.
सुट्टी. काही लिहावंसं नाही. मायचं अंग पुसलं, केस विंचरले. तिच्या डोळ्याला डोळा देता आला नाही.

२७ जाने., मंगळ.
मॅडमनी सांगितलं होतं म्हणून मायला तिचाच आवाज लावला, जुलैचा पहिला. ती एकदम ताठ झाली. ओठ हलायला लागले, आवाजाच्या मागोमाग, थोडे उशिरा. डोळ्यांतून पाणी.
आबा गॅलरीत होते. "कोण बोलतंय?" म्हणत आत आले. दारातच थांबले. संपला तेव्हा भिंतीला टेकून खाली बसले.
"अजून हायेत?"
"लई आहेत आबा. त्रेसष्ट."
"मंग एकदम नको संपवू. रोज दोन लाव. पहिल्यापासनं, वळीनं."
ज्या फोनचं तोंड बघायचं नव्हतं तो त्यांनी स्वतः उशाशी ठेवला, धोतराच्या सोग्यानं पुसून.

२९ जाने.
विजयला सगळं सांगितलं. तो म्हणाला, "तो एवढा काढून टाक फोनमधून. आणि त्यानंतरचा. लॅपटॉपवर आहेतच. आबांना कळून काय मिळणार? मायनं त्यांच्यापासून लपवलं, हेच ना?"
खरंय. पण आबा जेवताना अजून त्या बटणाबद्दल बोलतात. किती वेळ दाबलं, सोडून आधीच पळायला हवं होतं. ते स्वतःला खात बसलेत आणि मी त्यांना वरण वाढते. त्यांनी ऐकलं तर कळेल की चूक त्यांची नाही. माझी आहे.
विजय म्हणाला, "तुझीपण नाही." प्रेमानं म्हणाला. मला ते नको होतं.

१ फेब्रु.
आज एक नवा शब्द. "आबा." थोडा वाकडा, पण आबाच. ते उठून मोरीत गेले, तोंड धुतलं, परत आले. म्हणाले, "आवाज ऐकूनच याद येतंय तिला. बरं केलंस पोरी, फोन नीट करून आणलास."
मी फोन चार्जिंगला लावला.

५ फेब्रु.
शकीलभाईंना भेटून आले, सांगायला की आई एक-दोन शब्द बोलते. खूश झाले. "देखा, मशीन में था सब. निकालने वाला होना." मग माझ्याकडं बघून, "ताई, कुछ गलत निकला क्या?"
नाही म्हटलं. त्यांनी चहा मागवला. मी पिऊन निघाले.

८ फेब्रु., रवि.
दुपारचे पंचविसावा आणि सव्विसावा झाले. सव्विसाव्यात आबा मागून ओरडतात, "आगं कुणाशी बोलायलीस?" आणि ती म्हणते, "मपल्या लेकीशी." आबा हसले. कितीतरी दिवसांनी. मग पाणी आणायला आत गेले.

फोन मायच्या मांडीवर होता. तिनं डाव्या बोटानं यादी वर सरकवली. सरकवत राहिली, शेवटापर्यंत, मग थोडी मागं. थांबली. १८ डिसेंबर. तिला वाचता येत नाही, पण शेवटाकडं माझा एकच अंगठा आहे, तो ओळखता येतो. तिनं बोट ठेवलं ते उचललं नाही. ती ओळ निळी झाली, वर कचऱ्याच्या डब्याचं चिन्ह आलं. मग ती माझ्याकडं बघायला लागली.
पूस म्हणत होती की लाव म्हणत होती? की नुसतं बोट जड झालं होतं?
"माय," मी म्हटलं, "मी ऐकला नव्हता गं."
तिचा चेहरा हलला नाही. हात तसाच.
आबांची पावलं आली. मी स्क्रीन बंद केली. त्यांनी तिला चमच्यानं पाणी पाजलं, हनुवटी पुसली, आणि मला विचारलं, "उद्या कितवा?"
सत्ताविसावा, म्हटलं. सत्ताविसावा आणि अठ्ठाविसावा.