दुसरी काच

१७ फेब्रुवारी, मंगळवार, दुपार

ठमे,

पाकिटावरचं माझं अक्षर ओळखून आज सूर्य कुठून उगवला असं तुझ्या मनात येईल. येऊ दे. तुझं पत्र येऊन चार महिने झाले. सकाळी ते ऑफिसात नेतो, संध्याकाळी परत आणतो. तुझी वहिनी म्हणाली, "त्याला काय हवापालटाला नेता का हो रोज?" तिचे गुडघे कुरकुरतात, जीभ ठणठणीत आहे. धाकटीला नोकरी लागली. माझा रक्तदाब वगैरे वयाला शोभेल इतपत.

काचघर तू सोडलंस तसंच आहे. तीच लोखंडी कपाटं, त्याच पाकिटांत उभ्या लावलेल्या आकाशाच्या फोटोंच्या काचा. वेधशाळेत आता कोणी काचेवर फोटो काढत नाही, मी नुसता राखणदार. नवी मंडळी येतात, त्यांना सांगतो की या निगेटिव्ह, इथे आकाश पांढरं आणि तारे काळे. "हो का काका," म्हणतात आणि मोबाइल बघतात. गेल्या वर्षी सगळ्या काचा स्कॅन झाल्या. त्याआधी काचेच्या मागच्या बाजूला आपण शाईने केलेल्या खुणा पुसायच्या होत्या. स्पिरिट आणि मऊ फडकं. आपल्या तारुण्यातली सगळी गोलगोल अक्षरं मी एकट्याने पुसली, आठ महिने लागले.

उगाच लांबण लावतोय. तू विचारलंस ते सांगतो.

हो, तीच जागा. पेपरात आलेली ती नवी बटू दीर्घिका, जी त्या तरुण संशोधकाने शोधली म्हणतात, ती तू एकतीस वर्षांपूर्वी शाईचा गोल काढलेल्या ठिकाणीच आहे. मी आकडे तीनदा ताडून पाहिले.

तू लिहिलंस, "मला नाव नको दादा. माझ्या डोळ्यांना तेव्हा काय झालं होतं, तेवढं फक्त कळू दे." हे वाक्य मला पाठ झालंय.

तेव्हाचं तुला आठवत असेलच. तू भिंगावरून मान वर केलीस आणि म्हणालीस, "दादा, इथे काहीतरी धुरकट आहे." मी बघून म्हणालो, "बोटाचा डाग आहे, ठमाबाई. चहा घे." तू हटून बसलीस. त्या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञाची, मेसिएची गोष्ट मलाच ऐकवलीस, की धूमकेतू शोधताना फसवणारे धुरकट ठिपके त्याने यादी करून बाजूला ठेवले आणि आज जग त्याला त्या यादीमुळेच ओळखतं. "डाग म्हणून सोडू नकोस. दुसरी काच काढ."

आपला नियमच होता तो. एका काचेवर दिसतं ते काहीही असू शकतं, धूळ, लेपातला दोष, बोट. त्याच जागेच्या दुसऱ्या काचेवर तेच दिसलं तर ते आकाशातलं. कपाटाची किल्ली माझ्याकडे होती. मी आतल्या खोलीत गेलो, दहा मिनिटांनी आलो आणि म्हणालो, "काही नाही त्यावर."

ठमे, त्यावर होतं.

तसंच, तेवढंच, त्याच जागी. खोलीत मी एकटा होतो आणि मला लख्ख दिसलं. पण तुझ्या आठवडाभर आधी तीच पहिली काच मी तपासली होती आणि वहीत "नवीन काही नाही" लिहून सही ठोकली होती. महिन्याभरात काचघराचा प्रमुख ठरणार होता. माझ्या हाताखाली चार महिने शिकलेल्या धाकट्या बहिणीला दिसलं आणि मला नाही, हे साहेबांच्या टेबलावर जायला नको होतं. एवढंच कारण. मी दुसरं मोठं कारण पुष्कळ शोधलं, सापडलं नाही.

मला वाटलं, चार दिवस रुसशील. तू कामच सोडलंस. "ज्या डोळ्यांवर माझाच भरवसा नाही ते घेऊन इथे काय करू," म्हणालीस. चष्म्याच्या दुकानात लागलीस आणि जन्मभर लोकांना "आता स्पष्ट दिसतंय का?" विचारत राहिलीस. एकदा फोनवर हसत सांगितलंस की आकाशात काही दिसलं की तू आधी चष्मा पुसतेस. मीही हसलो. फोन ठेवल्यावर न्हाणीघरात जाऊन तोंड धुतलं, वहिनीला कळू नये म्हणून.

हर्शेल भावंडांचं तुला फार कौतुक. बहिणीला सापडलेले तारकागुच्छ आणि तेजोमेघ भावाने आपल्या यादीत तिचे म्हणून नोंदवले. "बघ, असा असतो भाऊ," म्हणायचीस मला चिडवत. मी मात्र तुझं दडवून प्रमुख झालो.

अजून एक राहिलं. पुसण्याआधी प्रत्येक खुणेचा फोटो काढून ठेवायचा असा नियम होता. हजारो खुणांचे काढले. तुझी काच हातात आली, तुझा गोल, खाली तारीख, तुझं आद्याक्षर. त्या एकीचा काढला नाही. फडकं फिरवलं. तेव्हा कुठली दीर्घिका, कुठला पेपर, काहीच नव्हतं. मला ती खूण डोळ्यांसमोर नको होती.

तुझं पत्र आल्यावर दोन महिन्यांनी धीर करून संचालकांना सगळं लेखी दिलं, सहीनिशी. समिती बसली. माणसं चांगली होती, मला पाणी दिलं. म्हणाले, दोन्ही काचांवर दीर्घिका आहे हे खरं, तसं आम्ही छापू. पण ती तेव्हा कोणी ओळखली होती याला पुरावा काय? खूण नाही, खुणेचा फोटो नाही, आणि वहीत उलट तुमचीच सही आहे, नवीन काही नाही. एक बाई हळूच म्हणाल्या, "काका, भावाचा शब्द आम्हाला पुरावा म्हणून घेता येत नाही." मी उठलो.

म्हणजे नाव गेलं. ते मी घालवलं आणि आता मलाही परत आणता येत नाही.

उत्तर लिहू नकोस. क्षमा मागत नाही, तेवढी लाज शिल्लक आहे. तू जे विचारलंस त्याचं उत्तर देणारा माणूस जगात एकच आहे, म्हणून लिहितो. तुझ्या डोळ्यांना काहीही झालं नव्हतं. तुला दिसलं ते तिथे होतं. सगळ्यांत आधी तुला दिसलं, आणि हे एकतीस वर्षं मला ठाऊक होतं.

तू ज्याला दादा म्हणायचीस,
तो